साबणदाणीची पाठवणी

आमचे शेजारी आस्तेकाका साबणदाणीला शेक देतात.

तव्यावर ओवा भाजायचा, जुन्या धोतराच्या फडक्यात त्याची पुरचुंडी बांधायची आणि न्हाणीघराच्या भिंतीत बसवलेल्या चिनीमातीच्या साबणदाणीला ती चारी बाजूंनी लावत बसायचं, हे काम करताना मी त्यांना माझ्या डोळ्यांनी पाहिलं आहे. मधूनच ते तिला विचारायचे, "लागतंय का?" साबणदाणी काही बोलायची नाही. मग काका पुरचुंडी स्वतःच्या गालाला लावून बघायचे आणि म्हणायचे, "जरा जास्तच कढत हाय." आणि फुंकर घालून ती निववत बसायचे.

त्यांचं खरं नाव भगवानराव. लातूरच्या बसस्टँडवर ते कंट्रोलर होते. आयुष्यभर माईकपुढे बसून त्यांनी लोकांना घाई केली. उदगीरची गाडी लागली आहे, प्रवाशांनी त्वरा करावी. नांदेडची गाडी सुटण्याच्या तयारीत आहे, प्रवाशांनी त्वरा करावी. निवृत्त होताना ती सगळी घाई त्यांनी शिट्टी आणि टोपीबरोबर तिथेच जमा केली असावी, कारण घरी आले ते एकच शब्द घेऊन आले. आस्ते. चहा ओततोय, आस्ते. जिना उतरतोय, आस्ते. गल्लीतली पोरं सायकलवरून सुसाट निघाली की हे ओट्यावरून हात दाखवून म्हणणार, "आस्ते रे बाबांनो, आस्ते." म्हणून गल्लीत नाव पडलं आस्तेकाका. तोंडावर मात्र आम्ही सगळे त्यांना भगवानकाकाच म्हणतो.

मी नांदेडची लेक आणि लातूरची सून. म्हणजे गोदावरीकाठी वाढले आणि जिथे नळाला पाणी आलं की सण असतो तिथे नांदायला आले. आठ-दहा दिवसांनी नळ येतो, बाकीचे दिवस बोअर. बोअरचं पाणी इतकं जड की त्याने भांड्यांवर पांढरा थर चढतो आणि भिंतीवरच्या लोखंडाला मीठ फुटतं. आमच्या गल्लीतली सगळी घरं एकाच सुमारास बांधलेली. त्यामुळे टॉवेलच्या दांड्या, ब्रशच्या फळ्या, खुंट्या, आरसे हे सगळं एकाच सुमारास गंजलं आणि एकाच सुमारास काढायला आलं.

पहिला नंबर समोरच्या बिराजदारांचा लागला. त्यांनी प्लंबर बोलावला. त्याने छन्नी लावली, हातोडा घातला, दांडी निघाली आणि तिच्याबरोबर दोन फरश्याही निघाल्या. तिसरीला तडा गेला. ही बातमी कळताच काका चप्पल घालून त्यांच्याकडे गेले. मीही मागोमाग गेले, कारण काका कुणाच्या घरी कधी आपण होऊन जात नाहीत. न्हाणीघराच्या दारात ते डोक्यावरची टोपी काढून उभे राहिले. फुटलेल्या फरशीवरून हात फिरवला. मग बाहेर येऊन खुर्चीवर बसले. बिराजदारवहिनींनी चहा आणला तर म्हणाले, "आज नगं." दारात मयत झाल्यासारखं सगळं घर गप्प झालं. जाताना बिराजदारांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "हातोडा मारला का त्येनं?" बिराजदार म्हणाले, "हाव." काका म्हणाले, "मला हाक मारायची असती, हो."

त्या दिवसापासून गल्लीत कुणाच्याही भिंतीवरून काहीही काढायचं असलं तरी काकांना हाक मारायची अशी रीतच पडली. न मारली तरी ते येतातच.

काकांचं म्हणणं असं की भिंतीवरची वस्तू काढायची नसते, तिची पाठवणी करायची असते. "पोरीला मांडवातून ओढत न्हेतेत का? तिला रडू द्यावं लागतंय, थांबावं लागतंय. मंग ती आपली आपून उठती." आमच्या आरशाच्या फळीच्या वेळी हे सगळं मला ऐकावं लागलं. फळीचे स्क्रू गंजून भिंतीशी एकजीव झाले होते. काका आले ते बसस्टँडवरच्या जुन्या कापडी पिशवीत संसार भरूनच. करडीचं तेल, चिंचेचा कोळ, चिकटपट्टी, दाढीचं पातं, चार-पाच जुने ब्रश. लाकडाची एक पट्टी हवी होती, ती त्यांनी माझ्या शाळेच्या पिशवीतून काढून घेतली. मी म्हटलं, काका, उद्या मला वर्गात भूमिती शिकवायची आहे. ते म्हणाले, "भूमितीला कुठं घाई हाय?"

आधी स्क्रूच्या डोक्यावरचा क्षार चिंचेने सोडवला. मग ब्रश बुडवून तेल सोडलं. मग म्हणाले, मुरू द्या. किती वेळ, असं विचारलं तर म्हणाले, ते तेल सांगेल. तेल मुरेपर्यंत भिंतीला पाणी लागू द्यायचं नाही अशी आज्ञा झाली आणि आमचे हे, म्हणजे माझा नवरा, अंगणात तुळशीमागे टॉवेल बांधून आंघोळ करू लागले. येणारेजाणारे राम राम करायचे. ह्यांना तो करावाच लागायचा.

शेवटी काकांनी फळीच्या भोवती फरशीला चिकटपट्टी लावली, म्हणजे पेचकस घसरला तरी ओरखडा नको. फरशीवर पट्टी ठेवली, पट्टीवर टेकू घेतला आणि पेचकस फिरवला. आणि एकाएकी त्यांच्या गळ्यातून तो जुना आवाज निघाला. "प्रवाशांनी लक्ष द्यावे. स्क्रू क्रमांक एक सुटण्याच्या तयारीत आहे." स्क्रू सुटला. मग दोन, मग तीन. चौथा अडला. काकांनी त्याच्यासाठी गाडी थांबवून ठेवली, म्हणजे तेल घालून पुन्हा दुसऱ्या दिवशी आले. फळी निघाली तेव्हा भिंतीवर फक्त चार भोकं होती. त्यातल्या प्लास्टिकच्या गुट्ट्या ओढून काढायला त्यांनी तोच स्क्रू त्यांच्यात अर्धा फिरवला आणि पक्कडने आस्ते खेचला. भोकांत पांढरं सिमेंट भरलं. आज ती भिंत कुणाला दाखवली तर तिथे काही होतं असं सांगावं लागतं.

अशा माणसाची स्वतःची न्हाणी मात्र जशीच्या तशी होती. काकांच्या पत्नीने, शांताकाकूंनी, निवडलेल्या फरश्या, पांढऱ्या, मधे फिकट निळी वेल. ती वेल मिळावी म्हणून काकूंनी दुकानदाराला अख्खी दुपार उभं केलं होतं म्हणे. त्या गेल्यावर काकांनी त्या भिंतीला हात लावला नाही. तशी फरशी आता बाजारात मिळत नाही, आणि फुटली तर काय लावायचं, असं ते म्हणायचे. मला ते पटायचं.

आणि मग अश्विनीला दिवस गेले.

अश्विनी काकांची एकुलती एक लेक. दिलेली नांदेडला. पहिलं बाळंतपण माहेरी, ही आपल्याकडची रीत. डोहाळजेवणाला काकांबरोबर मीही गेले, तेवढंच मला माहेर. ओटी भरून झाली, फोटो झाले, जेवणं झाली आणि काकांनी रीतीप्रमाणे विषय काढला की पोरीला कधी न्यायला येऊ. तेव्हा तिच्या सासूबाई, गयाबाई, पदर सावरून पुढे बसल्या. गयाबाई मूळच्या लोह्याकडच्या, घरची शेती असलेल्या. मुलाच्या नोकरीमुळे नांदेडला राहायला आलेल्या. त्यांच्या पोटात काही राहत नाही.

"इवाई, राग मानू नका," त्या व्याह्यांना म्हणाल्या. "तुमच्या घरात बाईमाणूस न्हाई. अन् लातुरात पाणी न्हाई. बाळंतिणीला दोन येळ कढत पाणी लागतंय, लेकराचे लंगोट दिवसभर धुवावं लागतेत. कशात धुणार? अन् लेकराला न्हाऊ कोण घालणार?"

काका म्हणाले, "बाई लावतो की."

"बाई काय, यील तवा यील," गयाबाई म्हणाल्या. "इथं गोदावरी हाय, मी हाय. पोर इथंच ऱ्हाऊ द्या."

अश्विनी दारात उभी होती. ती सासूबाईंना एवढंच म्हणाली, "आत्या, मला बाबांकडं जायचंय." एवढं बोलून तिने तोंड फिरवलं, कारण रडू आलं होतं. मला गयाबाईंचा राग आला. पण खोटं सांगत नाही, त्या जे बोलल्या त्यातलं एकही वाक्य चूक नव्हतं, म्हणून राग जास्तच आला.

काकांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. "तुमी या," ते म्हणाले. "घर बघा, पाणी बघा. मंग ठरवा. तुमी न्हाई म्हणलाव तर माझं काही म्हणणं न्हाई."

"येते आठवड्याभरात," गयाबाई म्हणाल्या.

परतीच्या गाडीत काका खिडकीबाहेर बघत होते. लोहा गेलं, अहमदपूर गेलं. मी मनातल्या मनात यादी करत होते. दोन मोठे ड्रम आणावे लागतील, हौद घासावा लागेल, बोअरच्या मोटारीला एकदा दाखवून घ्यावं लागेल, स्वयंपाकघराला रंग. लातूर जवळ आल्यावर काका म्हणाले, "ताई, तुमची ती लाकडी पट्टी लागंल."

मला वाटलं, मापं घ्यायला.

दुसऱ्या दिवशी सकाळी जाऊन बघते तर काका आपल्या न्हाणीघरात ओव्याची पुरचुंडी घेऊन बसलेले. ड्रम नाही, रंग नाही, मोटार नाही. साबणदाणी! बसून आंघोळ करणाऱ्याच्या हाताला येईल अशा उंचीवर ती सिमेंटने भिंतीत पक्की बसवलेली. तिच्या शेजारी आडवी टॉवेलची दांडी, तीही बुटकीच, काकूंच्या उंचीची. आणि त्याखाली पालिकेच्या लाईनचा पितळी नळ. हे तिन्ही काढायचं असं काका म्हणाले.

"अहो काका, विहीणबाई पाणी बघायला येणार आहेत. साबणदाणी कशाला काढताय?"

"पाठीला लागतंय."

"कुणाच्या?"

"आस्ते," काका म्हणाले आणि शेक देऊ लागले.

मी चिडले. मग बिराजदार समजावून आले, आमचे हे समजावून आले. उत्तर एकच, पाठीला लागतंय. बरं, काढायचंच तर डोक्यावरचा तो शॉवर तरी काढावा. लातूरच्या शॉवरमधून कधी पाणी पडत नाही, तो ओले कपडे अडकवायला असतो. पण शॉवरला हात लावायचा नाही म्हणे, तो कुठं कुणाला लागतोय. गल्लीचं मत पडलं की लेकीच्या काळजीने काकांचं डोकं फिरलं आहे. बिराजदारवहिनी म्हणाल्या, "पोरीच्या आधी साबणदाणीचंच बाळंतपण करायलेत." आम्ही हसलो, पण मला वाईट वाटत होतं. ड्रम आणि मोटारीचं शेवटी आम्हीच दोन घरांनी मिळून बघितलं. काका म्हणाले, "लई उपकार झाले," आणि पुन्हा आत गेले.

दांडी लवकर मानली. तेल, चिंच, पट्टी, उद्घोषणा, सगळं यथासांग झालं. साबणदाणी मात्र हटून बसली. तिच्या कडेचं सिमेंट काकांनी पात्याने खरवडून काढलं, रोज थोडं. आत पातं पोचेना. मग त्यांनी विष्णुपुरीच्या धरणावर मासे धरणाऱ्या एका जुन्या ओळखीच्या माणसाकडून गळाची दोरी मागवली. नांदेडच्या गाडीच्या ड्रायव्हरने ती आणून दिली. ती बारीक, चिवट दोरी त्यांनी साबणदाणीच्या मागे घातली, दोन्ही टोकांना पेन्सिलीचे तुकडे बांधले आणि लोणी काढणाऱ्या बाईसारखे ते दोन्ही हातांनी ती पुढेमागे ओढत बसले. जरा वेळ दोरी, जरा वेळ शेक. खाली उशी ठेवलेली, म्हणजे पडली तरी दोघींना लागू नये. दोघी म्हणजे साबणदाणी आणि खालची फरशी.

गयाबाई यायच्या आदल्या दिवशी, मी शाळेतून येऊन चहा ठेवला आणि भिंतीपलीकडून आवाज आला. "प्रवाशांनी लक्ष द्यावे." मी गॅस बंद करून धावले. बिराजदारवहिनी पिठाच्या हाताने आल्या. काका गुडघ्यांवर बसले होते, दोन्ही तळवे साबणदाणीखाली. ती कर्रकन् हलली, जरा पुढे झुकली आणि अख्खीच्या अख्खी त्यांच्या हातात आली. टवका नाही, तडा नाही. शेजारच्या फरश्यांवरच्या निळ्या वेलीचं एक पानही तुटलं नव्हतं. काकांनी साबणदाणी उशीवर ठेवली. बिराजदारवहिनींनी धावत जाऊन हळदीकुंकू आणलं आणि खरोखरच तिला लावलं. त्या थट्टेने करत होत्या, पण काकांनी हात जोडले तेव्हा त्यांनीही जोडले. त्या दिवशी आमच्या गल्लीत पेढे वाटले गेले. असा विजय मी निवडणुकीतही पाहिला नाही.

दुसऱ्या दिवशी गयाबाई आल्या. नवी इरकल, हातात पिशवी, पिशवीत डिंक, खारीक आणि बाळंतशेपा. हे सामान त्यांनी द्यायला आणलं होतं की परत न्यायला, ते मला कळेना. काका तेव्हा शेवटच्या नळाशी बसले होते. हा नळ इथून काढून बाहेर हौदावर घ्यायचा त्यांचा बेत होता. काम उरकलं नव्हतं, कारण साबणदाणीने वेळ खाल्ला होता.

गयाबाईंनी हौद बघितला, ड्रम बघितले, स्वयंपाकघर बघितलं आणि न्हाणीघराच्या दारात येऊन उभ्या राहिल्या. "काय करायलाव, इवाई?"

"नळ काढायलोय."

"कॉक बंद केला का?"

हा प्रश्न नांदेडचाच माणूस विचारू शकतो. लातुरात नळ उघडा आहे की बंद, याचा विचार कुणी करत नाही, कारण बंद करायला आत काही असावं लागतं. काका हसून म्हणाले, "आज पाण्याचा दिवस न्हाई, ईनबाई. परवा हाय." आणि त्यांनी शेवटचा आटा फिरवला.

लातुरात पाणी उशिरा येतं हे सगळ्यांना ठाऊक आहे. आधी आल्याचं कधी कुणी ऐकलं नव्हतं. नळ काकांच्या हातात आला, पाइपाने एकदा खोकल्यासारखं केलं, फुस्स करून हवा सोडली, आणि मनगटाएवढी धार सरळ गयाबाईंच्या तोंडावर गेली.

काकांनी तळहाताने भोक दाबलं तर ती चारी बाजूंनी फुटली आणि मीही भिजले. मी अंगणात पळाले, कॉक कुठं आहे ते मला माहीत नव्हतं. काकांना माहीत होतं, पण तो इतक्या वर्षांत कुणी फिरवलेला नव्हता, गंजून जाम झाला होता, आणि तेल मुरवायला आत्ता वेळ नव्हता. आणि मग मी निवृत्तीनंतर पहिल्यांदा त्यांच्या तोंडून तो शब्द ऐकला. "त्वरा करा, ताई. त्वरा करा."

"हात काढा आधी," गयाबाई म्हणाल्या. त्यांनी पदर कमरेला खोचला होता. "अडवताव कशाला? पाणी हाय, जाऊ द्या त्याला ड्रमात. ती नळी आना."

मी अंगणातली रबरी नळी आणली. गयाबाईंनी तिचं तोंड त्या भोकात खुपसलं, भोवती आपला ओला रुमाल गुंडाळला आणि दोन्ही हातांनी दाबून धरलं. लोह्याला मळ्यात पाट फुटला की सासरे आधी मलाच हाक मारायचे, असं त्या धरता धरता सांगत होत्या. काका आणि मी दुसरं टोक घेऊन पळत होतो. हौद भरला. ड्रम भरले. बिराजदारवहिनींची टाकी नळी ओढून भरली. घागरी, बादल्या, पातेली, शेवटी कुकर आणि पूजेचा तांब्यासुद्धा भरला. पाणी थांबलं तेव्हा गयाबाईंच्या केसांतून पाणी निथळत होतं आणि त्या हसत होत्या. डोहाळजेवणाला सुद्धा मी त्यांना हसताना पाहिलं नव्हतं.

माझी साडी नेसून त्या पुन्हा न्हाणीघरात गेल्या. मोकळ्या भिंतीवरून त्यांनी वरपासून खालपर्यंत हात फिरवला. "एकबी फुटली न्हाई," त्या म्हणाल्या. मग मागे वळून विचारलं, "पण हे काढलं कशासाठी? चांगलं होतं की."

"पाठीला लागतंय," काका म्हणाले आणि चहा टाकायला गेले.

पाणी बघून झालं होतं. पण बाईमाणसाचं काय, यावर गयाबाई अजून बोलल्या नव्हत्या, आणि काकांनीही विचारलं नव्हतं. दुपारी जेवून त्या माझ्याकडे आडव्या झाल्या. संध्याकाळच्या गाडीने जाणार होत्या. तोवर चार घास करून घालावेत म्हणून मी चार वाजता काकांच्या स्वयंपाकघरात गेले. सकाळी तिथे मी भाजीसाठी एक चांगला कोवळा दुधी आणून ठेवला होता. तो टोपलीत नव्हता. गयाबाई पाय धुवायला म्हणून माझ्या मागोमाग आल्या होत्या. न्हाणीघराचं दार अर्धवट लोटलेलं होतं आणि आतून काकांचा आवाज येत होता. "झालंच हं. झालंच. आस्ते, आस्ते."

काका जमिनीवर बसले होते. लुंगी मांड्यांपर्यंत खोचलेली, पाठ मोकळ्या भिंतीला टेकलेली, पाय मोरीच्या उताराकडे सरळ पसरलेले. दोन्ही नडग्यांच्या मधल्या खोबणीत माझा दुधी पालथा निजवलेला होता. काका तांब्यातलं पाणी आधी आपल्या मनगटावर ओतून बघत होते आणि मग दुधीच्या पाठीवर थोडं थोडं सोडत होते. सबंध भिंत त्यांच्या पाठीला लागली होती आणि कुठेही काही टोचत नव्हतं.

मला हसू येणार होतं ते आलंच नाही. आठ दिवस आम्ही ज्या माणसाला वेड लागलं म्हणत होतो, तो हे करत होता. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"इवाई," गयाबाई म्हणाल्या.

काका दचकले. दुधी घसरला आणि गडगडत मोरीशी गेला. ते उठायला गेले, पण पायाला मुंग्या आल्या होत्या, उठता येईना. मग तसेच बसून, खाली बघून बोलू लागले. "मालिशीला बाई ठरवलीय. यील ती. पण शांता म्हणायची, लेकराला आजीच्या पायावर न्हाऊ घालावं, परक्या पायावर ते बिचकतंय. अश्विनीला शांताच्या आईनं, म्हंजे माझ्या सासूबाईनं, हितंच बसून घातलंय, तवा ही भिंत मोकळी होती. मी ड्युटीवर असायचो. मी एकदाबी बघितलं न्हाई." त्यांनी मागच्या भिंतीवर हात ठेवला. "पाय पसरून बसलं की पाठीला टेकू लागतोय. साबणदाणी खांद्याला लागायची, नळ मणक्याला, दांडी डोक्याला. मी दचकलो अन् लेकरू हातातनं सुटलं तर? आजी न्हाई घरात, ईनबाई. पाय तर हायत."

गयाबाईंनी पाट ओढला आणि काकांच्या शेजारी बसल्या. मोरीतला दुधी उचलला, स्वच्छ धुतला आणि पुन्हा त्यांच्या नडग्यांवर नीट पालथा निजवला. मग काकांचा डावा हात धरून वर सरकवला.

"बूड धरताव तुमी. मान धरा. मान सुटली की सगळं लेकरू सुटतंय." त्यांनी काकांची बोटं एकेक करून दुधीच्या देठाखाली बसवली. "असं. अंगठा हिकडं. आन् पाणी पाठीवर न्हाई, आधी पायावर. मंग ते भीत न्हाई."

"बरं," काका म्हणाले.

"पुढच्या रईवारी पोरीला न्यायला या. तो डिंक अन् खारीक हितंच ठिवून चालले मी."

काकांचे डोळे वाहत होते. एक हात दुधीच्या मानेखाली, दुसऱ्या हातात तांब्या, पुसायला हात मोकळा नव्हता. गयाबाईंनी ते पाहिलं, आपल्या, म्हणजे माझ्या साडीच्या पदराने त्यांचा चेहरा टिपला आणि तांब्या पुन्हा भरून दिला.

"घाला आता," त्या म्हणाल्या. "पायापासनं."